खांडीवर घरचा माणूस

आमच्या खारेपाटात तेव्हा जामीन हा शब्द चोरांपुरताच होता. तो माझ्या घरात शिरला, आणि तोही दोन-दोन अर्ज घेऊन, यावर माझा विश्वासच बसेना.

झालं असं की, बांधातल्या उघडीवरून, म्हणजे खाडीचं पाणी आत-बाहेर सोडायच्या दारावरून, माझ्या धाकट्या दिराची शेजाऱ्याशी जुंपली. दिराचा राग कायम नाकावर. त्याने उघडीची फळीच शेजाऱ्याच्या डोक्यात घातली. माझा नवरा सोडवायला धावला, तर फिर्यादीत त्याचंही नाव. सुक्याबरोबर ओलंही जळतं ते असं.

नवरा नागोठण्याला एका ठेकेदाराकडे कामाला होता, कायम व्हायच्या बेतात. अटक झाली की नोकरी गेली, हे सगळ्यांना ठाऊक. पेणच्या वकिलांनी अलिबागच्या कोर्टात दोघा भावांसाठी अटकपूर्व जामिनाचे अर्ज टाकले. सोमवारची तारीख मिळाली. "पण तोवर अटक करू नये, असा हुकूम काही मिळालेला नाही," वकील म्हणाले. "दोघं कुणाच्या नजरेस पडता कामा नयेत." दोघं रोह्याला नणंदेकडे जाऊन बसले.

आणि रविवारी उधाणाने बांधाला खांड गेली, म्हणजे बांध फुटून भगदाड पडलं. खारं पाणी भातात शिरायला लागलं. खांड बुजवायला घरटी एक माणूस जायचाच, घरात मयत असली तरी. "जा गो, आपल्या घरचं कुनीतरी दिसाया पायजे," सासू म्हणाली. मी पदर खोचून निघाले.

ओहोटीला काम सुरू झालं. चिखलाची ढेकळं हातोहात पुढे जात होती. दुपारी कासू स्टेशनाच्या बाजूने कुणीतरी बांधावरून चालत येताना दिसलं. माझा नवरा! माझ्या हातातलं ढेकूळ पायावर पडलं.

"तुमी कशाला आलाव? उद्या कोर्ट हाय ना!"

"पानी तर आज शिरतंय. घरचा मानूस नको खांडीवर?"

"आनि भावजी?"

"तो येतो म्हनला मागून."

असा संताप आला की वाटलं, यालाच खांडीत ढकलावं. तोवर हा कमरेएवढ्या चिखलात उतरलासुद्धा, नेमका त्या शेजाऱ्याच्या बाजूला. शेजाऱ्याच्या डोक्याला अजून पट्टी होती. त्याने ढेकूळ नवऱ्याच्या हातात दिलं. मला वाटलं, चला, मिटलं.

खांड भरत आली तेव्हा पोलीस आले. त्यांना कुणी कळवलं, मला आजही माहीत नाही. "ऱ्हाऊ द्या आता, सायब," शेजारी म्हणाला. हवालदार म्हणाला, "फिर्याद तुझीच आहे ना?" नवऱ्याला चिखलाच्या अंगानेच जीपमध्ये घातलं.

सोमवारी मी वडखळला एसटी बदलून अलिबाग गाठलं. नवऱ्याचा अर्ज सुनावणीला निघाला. सरकारी वकील म्हणाले, याला कालच अटक झाली. न्यायाधीशांनी दोन ओळी लिहिल्या आणि झालं.

मी वकिलांना गाठलं. "अवो, तो कशापायी आलता ते तुमी सांगितलंच नाय!"

"सांगून उपयोग नाही, वहिनी. हा जामीन अटकेच्या आधीचा. अटक झाली की अर्ज संपला. आता पेणच्या कोर्टात वेगळा मागायचा."

लगेच दिराचा अर्ज निघाला. न्यायाधीश म्हणाले, शेजाऱ्याची जखम साधी आहे, फळी जप्त झाली आहे, चौकशीला बोलावलं की हजर राहावं. मंजूर! ज्याने फळी घातली तो मोकळा, कारण तो खांडीवर आला नाही. कायदा म्हणून ते बरोबरच होतं, असं वकील समजावत राहिले.

नवरा गुरुवारी सुटून आला. ठेकेदाराने निरोप धाडला होता, अटक झालेला माणूस नको. त्याच्या जागी दुसरा घेतलाही होता. माझा दीर! भावाची अडचण सांगायला म्हणून गेला आणि स्वतः चिकटून आला.

"जागा घरातच ऱ्हायली ना गो," सासू म्हणाली. ही बाई दोघांचीही आई होती.

मी नवऱ्याकडे पाहिलं. आता तरी हा ओरडेल, भावाची गचांडी धरेल. तो ओटीवर बसून पायाच्या भेगांतला वाळलेला चिखल काढत होता.

"त्याचा डबा भर," तो म्हणाला. "शिफ्ट चुकंल त्याची."