शेळ्या चारणे, दोनशे रुपये

मे महिन्यातला रविवार. पासलीजवळ एक कंपनी चालवते त्या मुलांच्या शिबिराची फी साडेचार हजार, त्यातले दोनशे 'शेळ्या चारणे' याचे. या हिशेबात मी, माझी मुलगी आणि शेळ्यांच्या मालकीणबाई. त्यांचं नाव मी विचारलं नाही.

पहिल्या वर्षी इथे दोन तंबू होते, आता चाळीस आहेत. मुलांच्या तुकड्या एकामागून एक येऊन शेळ्यांना ओरडत उतारावरून फिरवून आणत होत्या. तुकडी परतली की बाई प्रत्येक शेळीच्या डाव्या कुशीवर तळहात दाबून बघायच्या.

"पोट भरलं का?" मी विचारलं.

"कशाचं भरतंय! दिसभर नुसती वरात. दूध आटलं, करडं वरडत्यात. पर दुधापरीस कंपनीचा पैसा लई. तुमी हिशेबी दिसता दादा, सांगा, चालू ठेवू का बंद करू?"

पैशांत त्या फायद्यात होत्या, तरी 'चालू ठेवा' म्हणवेना. 'बंद करा' तरी कुठल्या तोंडाने म्हणू? पुढच्याच तुकडीत माझी मुलगी उभी होती.

"जाऊ द्या. आता ह्यास्नी चरू द्या," म्हणत बाई शेळ्या घेऊन टेकाडावर गेल्या.

मुलगी रडली. कंपनीने दोनशे परत केले. संध्याकाळी मी ते बाईंपुढे धरले.

"तुमच्या पोरीनं चारल्याच न्हाईत, मग पैसं कशाचं?" त्यांनी मुलीचा हात धरून एका शेळीच्या कुशीवर ठेवला. "बघ गं, कशी टम्म झालीया."

मुलगी हसली. दोनशे शेवटी माझ्याकडेच राहिले. ते नक्की कोणाचे, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.