मोडलेल्या हाडांची मोजदाद

कोर्टात स्टेनो असलं की किस्से जमवावे लागत नाहीत, ते बोटांतच येऊन बसतात! हिंगोलीत अपघात-भरपाईच्या दाव्यांतल्या साक्षी मी वर्षानुवर्षं टाइप केल्या. जजसाहेबांपुढे प्रश्न रोज एकच: या माणसाचं जे गेलं, त्याचं मोल किती? वय बघायचं, कमाई बघायची, डॉक्टरांनी लिहिलेले अपंगत्वाचे टक्के बघायचे. रीत ठरलेली. पण माणूस साक्षीला उभा राहिला की मी थक्क व्हायची.

*

हट्टा गावच्या एक बाई. ट्रॅक्टरच्या धडकेत उजवा हात कोपरापासून गेलेला. विमा कंपनीचे वकील म्हणाले, "साहेब, या घरीच असतात. कमाई शून्य!"

साहेबांनी विचारलं, "मावशी, आधी दिवसभर काय काय करायच्या?"

बाईंनी पहाटेपासून सुरुवात केली. शेण, पाणी, भाकरी, म्हशीची धार, निंदणी, सासऱ्यांचं अंथरूण... माझं दुसरं पान भरलं, तिसरं लावलं. बाई अजून दुपारपर्यंतच पोचल्या होत्या!

"उलटतपास?" साहेबांनी वकिलांना विचारलं.

"काही नाही, साहेब. मघाचं ते शून्य तेवढं खोडा."

*

गणपतराव म्हणजे बाजारातले हळदीचे पारखी. मूठभर हळद नाकाशी नेली की कोणत्या गावची ते सांगायचे. एका मोटारसायकलनं उडवलं, डोक्याला मार बसला आणि वास कायमचा गेला. सर्टिफिकेटवर टक्के मात्र जवळजवळ नाहीत. हात शाबूत, पाय शाबूत!

वकिलांना हे ढोंग वाटलं. त्यांनी गणपतरावांना डोळे मिटायला लावले आणि शिपायाकडून फिनेलची उघडी बाटली नाकाखाली धरवली. पुढच्या बाकावरची माणसं मागे सरकली.

गणपतरावांनी दोन-तीनदा मनापासून हुंगलं. मग आशेनं विचारलं, "नवी हळद हाय का?"

शिपायानं बाटलीला बूच लावलं.

साहेबांनी निकालात लिहिलं, सर्टिफिकेटवरचे टक्के शरीराचे आहेत. या माणसाचा धंदा मात्र सगळाच्या सगळा गेला.

*

एक हमाल, कमरेखाली लुळा. कोर्ट वरच्या मजल्यावर. भाऊ त्याला पाठीवर घेऊन चढत होता, तर अर्ध्या जिन्यात हा ओरडला, "ठिव खाली! जलमभर वझं वाह्यलं म्या, आता सोताच वझं व्हनार न्हाई!"

आवाज वर पोचला. साहेब उठले. मला म्हणाले, "कांबळेबाई, टाइपरायटर घ्या!"

साहेब खाली आले. जिन्याच्या पायरीशी खुर्ची टाकून त्यांनी साक्ष घेतली. तेवढा वेळ वकील मंडळी उभीच होती!

*

एका जीपच्या ड्रायव्हरला विमा कंपनीनंच साक्षीला आणलं होतं. "समोरचा सायकलवाला मध्ये आला" एवढंच त्यानं सांगायचं होतं. तो पिंजऱ्यात उभा राहिला. समोर कुबड्या घेतलेला सायकलवाला बसला होता.

"चूक माझीच व्हती साहेब. मला डुलकी लागली."

वकील उसळले, "अहो, काय बोलताय? काहून बोलताय?"

"त्या दिवशी डुलकी लागली, तवापासून झोप न्हाई लागून राहिली!"

*

आणि ही साखरा गावची मीराबाई. तीन वर्षांच्या लेकीला कडेवर घेऊन रस्त्याच्या कडेनं चालली होती. मागून टेम्पोनं ठोकरलं. लेकीचा पाय कायमचा वाकडा झाला. कंपनीचं म्हणणं, आईच पळत आडवी आली. गावातही तेच, घरातही तेच. दावा चालला तेवढी सगळी वर्षं तिनं ते ऐकलं.

निकालाच्या दिवशी मुलगी आजीचं बोट धरून, पाय ओढत आली. निकाल इंग्रजीत होता. साहेबांनी मीराबाईला पुढे बोलावून मराठीत समजावलं. मुलीचं वय लहान, पुढचं सगळं आयुष्य, लग्नाचा प्रश्न, वेदना... रक्कम सांगितली. बाई खाली मान घालून लेकीच्या पायाकडे बघत होती.

"आणि टेम्पो रस्ता सोडून खाली आला होता. यात मुलीच्या आईची कोणतीही चूक नव्हती."

बाईची मान झटकन वर आली.

"ह्ये कागदावर लिवलंय?"

"लिहिलंय. खाली माझी सही आहे."

"मंग तेवढं अजून एकदा वाचा साहेब. जरा जोरात." तिनं मागे वळून बघितलं. "माझी सासू दारापाशी हुबी हाय."

साहेबांनी चष्मा सारखा केला. आणि खुर्चीतून उभे राहून वाचलं.