सर्वर डाऊन आणि माझा अंगठा

डाऊन हा शब्द मला आधी रेल्वेचा म्हणून माहीत होता. सालेकशाच्या फलाटावर लागणारी डाऊन गाडी, एवढंच. चौथी शिकलेल्या बाईला त्याहून जास्त लागतही नव्हतं.

यंदा धानाच्या रोवणीत माझा म्हातारा, म्हणजे नवरा, आमच्या बांधीच्या धुऱ्यावरून, शेताच्या मातीच्या बांधावरून, घसरून पडला आणि खुब्याचं हाड मोडलं. मुलाने त्याला गोंदियाच्या दवाखान्यात भरती केलं. डॉक्टर म्हणाले, योजनेचं कार्ड असलं तर ऑपरेशन फुकट होईल. पण लवकर आणा. या वयात माणूस उताणा पडून राहिला की छाती भरते. कार्डासाठी आधी रेशनकार्ड ऑनलाइन चढवायचं होतं, आणि त्यावर कुटुंबप्रमुख मी. म्हणजे अंगठा माझा पाहिजे. मुलगा त्याच्याजवळ थांबला, मी गावी परत आले.

सालेकशाच्या सेवा केंद्रात कॉम्प्युटरवर बसणारा माणूस मान वर न करता म्हणाला, "सर्वर डाउन है, अम्मा. कल आओ."

"कल किती वाजता?"

"वो तो सर्वर को मालूम."

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी मी दारात दिसताच त्याने नुसता हात हलवला.

सकाळी मी रोवणीला जात होते. आमच्याकडे गल्लीतल्या बाया एकमेकींच्या बांधीत रोवतात. माझी बांधी त्यांनी आधीच रोवून दिली होती, आता मला त्यांच्याकडे जायचं होतं. जी जात नाही तिच्या बांधीत पुढच्या साली कोणी पाय ठेवत नाही. म्हणून दुपारपर्यंत चिखलात वाकायचं, मग हात धुऊन केंद्रात जायचं. अंगठा जपावा हे मला कोणी सांगितलं नाही. माझ्याही डोक्यात आलं नाही.

तिसऱ्या दिवशी संध्याकाळी सुनेला म्हटलं, हे डाऊन म्हणजे नेमकं काय ते पाहून सांग. तिच्या पेटीत शाळेतला इंग्रजी-मराठी शब्दकोश आहे. ती चुलीजवळ बसून वाचू लागली. खाली. उतरणीला. खिन्न. बंद पडलेले. घटाघटा पिणे. पक्ष्याचे मऊ पीस.

"पीस?"

"हो ना आई. अन् आता मोबाईलवर पोरी म्हणतेत, आय ॲम डाऊन. मनजे मी तयार आहो."

"तयार आहे त मंग काम काऊन नाई करत तो सर्वर?"

ती हसली. मला हसू आलं नाही. एवढे अर्थ, आणि त्यातला एकही म्हाताऱ्याला उठवून बसवणारा नव्हता.

चौथ्या दिवशी सर्वर सुरू झाला. मी अंगठा ठेवला, मशीन लाल. पुसून ठेवला, लाल. दहाही बोटं झाली.

"अम्मा, लकीरें ही नहीं हैं," तो म्हणाला. "कहाँ घिस आई?"

चिखलाने बोटं पांढरी पडून सुरकुतली होती. रांगेतली एक बाई म्हणाली, खापरीनं घासा, रेघा वर येतात. मी हापशीवर गेले आणि खापरीच्या तुकड्याने अंगठा रक्त येईपर्यंत घासला. जे काही उरलं होतं तेही गेलं. अंगठ्याऐवजी डोळा पाहून ओळखणारं मशीन त्याच्याकडे नव्हतं. तो म्हणाला, आठवडाभर पाण्यात हात घालू नका, तेल लावा, मग या.

मी रोवणीला जाणं बंद केलं. शेजारीण दारात आली.

"काऊन वो, तुई बांधी झाली, आता आमच्या बारीले कंबर दुखून राहिली का?"

"अंगठा सुकवून राहिली."

ती बाकीच्यांना सांगायला गेली. त्यांचं हसणं मला घरात ऐकू आलं. सून भांडी घासायची, मी अंगठ्याला फडकं गुंडाळून बसायची. मुलगा रोज फोनवर विचारायचा, "आई, झालं का?" मागून म्हाताऱ्याचा खोकला यायचा. पहिल्या दिवशी कोरडा होता. पुढे त्यात घरघर आली.

मधे एक दिवस न राहवून गेले, तर सर्वर पुन्हा डाऊन. आठवडा झाल्यावर डाव्या हाताचं मधलं बोट मशीनने घेतलं. रेशनकार्ड चढलं, योजनेचं कार्डही निघालं. ते घेऊन मी मिळेल त्या गाडीने गोंदियाला गेले.

डॉक्टरांनी कार्ड पाहिलं आणि माझ्या हातात परत दिलं. छाती भरली आहे, म्हणाले. आता बेशुद्ध केलं तर उठणार नाही. आधी छाती सुधारू द्या, तोवर घरी न्या.

आम्ही त्याला घरी आणलं. सकाळ-संध्याकाळ मी त्याला कुशीवर वळवते, पाठीला जखमा झाल्या आहेत त्या पुसते. तो रोज विचारायचा, "ऑपरेशन कवा?" मी म्हणायची, कफ सुटू दे. कफ सुटत नाही हे त्याला माझ्याआधी कळलं असावं. चार दिवसांपासून त्याने विचारणं सोडलं आहे.