बाबांची पावलं
परवा गुलमंडीतल्या दुकानात नव्या बुटांच्या रबराचा वास आला आणि मला आमच्या शहरातल्याच सातारा परिसरातलं ते मैदान आठवलं. तेव्हा नवऱ्याची साखर वाढली होती आणि डॉक्टरांनी बजावलं होतं, "गोळ्यांचं नंतर बघू, आधी रोज तासभर मुलीबरोबर मैदानात खेळा." त्यानं लगेच महागडे बूट आणि पावलं मोजणारं घड्याळ आणलं. पहिल्याच संध्याकाळी आमची सहा वर्षांची लेक "बाबा, पकडा ना!" म्हणत धुळीतून पळत सुटली. हा कसाबसा दोन चकरा तिच्यामागं धावला आणि धापा टाकत कट्ट्यावर माझ्या शेजारी बसला. मग घड्याळ सोडून त्यानं तिच्या मनगटावर बांधलं. "आता तू पळ, बाबांची पावलं होऊ दे." तिला वाटलं, हाही खेळच. ती ऊर फुटेस्तोवर पळत राहिली आणि हा मोबाईल बघत बसला. शेळ्या घेऊन घरी निघालेली एक म्हातारी हे बघत थांबली होती. ती मला म्हणाली, "लेकराला पळवून बापाचं पोट उतरतं व्हय गं?" घरी येताच त्यानं घड्याळातल्या आकड्याचा फोटो ऑफिसच्या ग्रुपवर टाकला आणि खाली लिहिलं, "लेकीसोबत!" दुसऱ्या दिवसापासून मीच ओढणी कमरेला बांधून तिच्यामागं धावू लागले. आता ती जिल्ह्याच्या संघातून खो-खो खेळते, आणि पाहुणे आले की तो पोटावरून हात फिरवत सांगतो, "तिला पळायला मीच शिकवलं." लेक माझ्याकडे बघते. त्याचं बोलणं खोडून काढण्याइतकीही किंमत आम्ही दोघी आता त्याला देत नाही.