आतली वाट

नॉर्मन पिकेटने जन्मभर दुसऱ्याला जिंकवलं. हॅल्डनबीत हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं, पण टाळ्या पडायच्या त्या त्याच्या जोडीदाराला, लेन टॅन्सलीला. जगाची रीतच तशी, नॉर्मन काय करणार!

स्पीडवे म्हणजे मातीच्या लंबगोल मैदानावरची मोटरसायकलची शर्यत, आणि त्या मोटरसायकलला ब्रेक नसतो. वळायचं फक्त डावीकडे, तेही मागचं चाक घसरवत. शर्यतीत चौघं, दोन आपले आणि दोन त्यांचे. नॉर्मन वळणावर बाहेरच्या अंगाला सरकायचा, मागच्यांना तिथं अडवून धरायचा आणि आतल्या पांढऱ्या रेघेलगत लेनसाठी वाट मोकळी ठेवायचा. लेन तिथून सुईत दोरा ओवावा तसा निघायचा आणि नॉर्मन दुसरा यायचा. याला काय अक्कल लागते, असं म्हणणाऱ्यांना एकदा त्या तांबड्या मातीवर बसवायला हवं होतं. चाक आडवं आणि नजर मागं, हे खायचं काम नाही.

परगावच्या सामन्यांना दोघं नॉर्मनच्या व्हॅनमधून जायचे. लेन शेजारी बसून कागदातले मासे-बटाटे खायचा आणि याच्या गाडी चालवण्याला नावं ठेवायचा. मग एका ओल्या संध्याकाळी लेन कुंपणावर आदळला आणि जागीच गेला. त्या दिवशी नॉर्मन पाय मुरगळला म्हणून घरी होता. आपण बाहेरच्या अंगाला असतो तर, हे त्याच्या मनातून कधी गेलं नाही. पण सांगणार कुणाला? लग्न केलं नव्हतं आणि आई केव्हाच वारली होती. तेव्हापासून व्हॅनमधल्या शेजारच्या सीटवर तो हेल्मेटसुद्धा ठेवायचा नाही.

तीन वर्षं तसाच रेटून त्याने खेळ सोडायचं ठरवलं. हॅल्डनबीत निवृत्त होणारा खेळाडू आपली शेवटची शर्यत जिंकला, तर त्याला माती सपाट करणाऱ्या ट्रॅक्टरवर उभं करून मैदानाला फेरी मारवतात. ती फेरी एकदा तरी मिळावी, एवढंच नॉर्मनला हवं होतं. लेन असताना चेष्टेत म्हणायचा, तुला ट्रॅक्टरवर चढवायला क्रेन लागेल.

त्या शेवटच्या शर्यतीआधी त्याचा नवा जोडीदार गॅव्हिन म्हणाला, "आज माझी काळजी करू नकोस, नॉर्म. सुसाट सुट, मागं बघू नको."

नॉर्मन सुटलाही. पहिल्यापासून पुढं होता, लोक उभे राहिले होते. आणि अगदी शेवटच्या वळणावर त्याची मान मागं वळली. तो बाहेर सरकला. आतली वाट सताड मोकळी राहिली आणि समोरच्या संघाचा पोरगा तिथून बिनबोभाट निघून गेला.

कपडे बदलायच्या खोलीत आल्यावर कुणी त्याला बोल लावला नाही. गॅव्हिनच तेवढं म्हणाला, "वाट कुणाला सोडलीस रे? माझं इंजिन तर आधीच बंद पडलं होतं. मी गवतात उभा होतो."

नॉर्मन वळणावर मातीत टेकवायचा डाव्या पायातला लोखंडी जोडा सोडवत राहिला.

लेनची बायको एव्हिस अजून दर सामन्याला त्याच शेवटच्या वळणापाशी उभी राहायची. ती आत आली आणि बाकावर त्याच्याजवळ बसली.

"लेनने शिव्या घातल्या असत्या तुला," ती म्हणाली.

"माहीत आहे."

"पण निघाला असता तिथून."

"आरामात निघाला असता," नॉर्मन म्हणाला, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा माणसांदेखत रडला.

बाहेर ट्रॅक्टर माती सपाट करत फिरत होता. एव्हिसने चहाला घरी ये म्हटलं. येईन कधीतरी, तो म्हणाला. येणार नाही, हे तिलाही कळलं.

त्याने मोटरसायकल व्हॅनमध्ये चढवली. मागं सामान खचाखच भरलं होतं, लोखंडी जोडा ठेवायला जागा उरली नाही. शेवटी तो मांडीवर घेऊनच त्याने गाडी सुरू केली. शेजारची सीट रिकामीच होती.