चित्रांची पाठ

आमच्या घरी चित्रं टांगलेली असायची, पण कुणी बघावीत म्हणून नाही. शेवगावजवळच्या वस्तीत आमच्या दोन खोल्या. भिंतींना ओल, जमिनीवर उंदीर. म्हणून चित्र पुरं झालं की मी ते पत्र्याखालच्या लोखंडी अँगलला सुतळीनं बांधून ठेवायची. जेवायला बसताना आई डोक्यावरचं एखादं चित्र सुतळी ओढून वर घ्यायची आणि मग भाकरी वाढायची.

मी शाळेत चित्रकला शिकवते. माझी चित्रं बघायला घरी कुणी येईल असं मला कधी वाटलं नव्हतं. आणि आले ते असे की बोलायची सोय नाही.

गावाबाहेरच्या बंद पडलेल्या कापसाच्या जिनिंगच्या शेडमध्ये एक आर्किटेक्ट चित्रांचं दालन करत होते. सत्तरी उलटलेले. पुण्या-मुंबईचे चित्रकार त्यांचं नाव आदरानं घ्यायचे आणि थोडं वैतागूनही. त्यांच्या दालनांत सरळ भिंत क्वचितच असायची. एका ठिकाणी चित्रं छताला होती आणि लोकांना आडवं पडून बघावी लागत. त्यांच्या दालनात एकदा काम मांडलं की चित्रकार पुन्हा पहिल्यासारखं काम करत नाही, असं म्हणत. कुणी चौकट सोडली, एका शिल्पकारानं चौथरे सोडून शिल्पं थेट जमिनीवर ठेवायला सुरुवात केली. हे सगळं मला कॉलेजात असल्यापासून माहीत होतं. त्यामुळे पहिलं प्रदर्शन इथल्याच कुणाचं तरी करायचं ठरवून ते माझ्या दारात उभे राहिले, तेव्हा मी गांगरले.

"स्टुडिओ कुठंय, बाई?" त्यांनी विचारलं.

मी काही बोलायच्या आत आई म्हणाली, "ह्योच की. वाकून या, न्हाईतर टकुरं आपटल."

ते वाकून आले आणि तसेच वाकलेले फिरत राहिले. चुलीशेजारी, कॉटच्या वर, धुण्याच्या दोरीमागं. कॉटवर बसून त्यांनी एक चित्र हातानं हळूच फिरवलं. मागच्या बाजूला एका पुढाऱ्याचं अर्धं तोंड होतं आणि 'हार्दिक शुभेच्छा'. मी वाढदिवसांच्या टाकून दिलेल्या फ्लेक्सच्या उलट्या बाजूला गोंद आणि खडूची भुकटी लावून रंगवायची. मोठा कॅनव्हास परवडत नव्हता. जयंतीचा फ्लेक्स मात्र मी कधी वापरला नाही, तो आई घडी घालून ट्रंकेत ठेवायची.

त्यांनी ते अर्धं तोंड बघितलं, हसले नाहीत. माझेच कान तापले. पाहुण्यासमोर आपली फाटकी चादर वर आल्यावर होतं तसं.

शेड तयार झालं आणि मी आत पाऊल टाकलं. एकही चित्र भिंतीला नव्हतं. छत पेलणाऱ्या जुन्या लोखंडी कैच्यांना दोऱ्या आणि कप्प्या लावून सगळी चित्रं हवेत सोडली होती, काही गुडघ्याच्या उंचीवर, काही कपाळावर येतील अशी. मधून सिमेंटचे बसके ओटे वळत गेले होते. त्यावर बसायचं, दोरी ओढून चित्र आपल्याकडं वळवायचं. ते आमचं घर होतं. फक्त चूल नव्हती.

"सर, पाठी दिसतायत," मी म्हणाले.

"दिसायलाच हव्यात. भिंतीला टेकवलं की चित्र मुकं होतं. हे मी तुमच्या घरी शिकलो."

"पण निदान मागं कापड तरी लावू."

"बाई, चित्राला पाठ असते. ती झाकायची कशाला?"

ते इतक्या मोठ्या आनंदात होते की मला पुढं बोलवेना. अशा माणसाला मी काय सांगणार होते? की तुम्हाला जे सुंदर वाटलं ती आमची अडचण होती?

उद्घाटनाला मुख्याध्यापक होते, शाळेतले सहकारी होते, पुण्याहून आलेले काही चित्रकार होते, आणि तालुक्यातले एक पुढारी. दिवा लावून झाल्यावर पुढारी चित्रांमधून फिरू लागले. काढणी झालेल्या तुरीच्या शेताच्या चित्रापुढं ते थांबले, चांगलंय म्हणाले, दोरी ओढली. चित्र गर्रकन वळलं आणि ते स्वतःच्याच तोंडासमोर उभे राहिले. तोंड उलटं होतं आणि कपाळातून चिरलेलं.

मग कुणीतरी मोबाईल वर केला.

"हा तर माझ्या वाढदिवसाचा," ते म्हणाले. "चौकातला. कार्यकर्ते म्हणत होते, कुणीतरी काढून नेला." ते माझ्याकडं वळले. "मॅडम, तुम्ही का?"

आवाज चढा नव्हता. पण मुख्याध्यापकांनी माझ्याकडं बघितलं आणि नजर खाली घेतली. मला सांगायचं होतं की तो पडलेला होता. पण मी माझ्या नव्या साडीच्या काठाकडं बघत राहिले.

मागून आईचा आवाज आला. "मी आनला, सायेब. वाऱ्यानं फाटून गटारीत पडला हुता. डुकरं बसली हुती त्याच्यावर. मी धुतला, वाळवला, मंग पोरीला दिला."

कुणीतरी फिसकन हसलं. पुढारीही हसले, त्यांना हसावंच लागलं. "बरं झालं, आजी," म्हणाले आणि पुढं गेले. प्रसंग निभावला. मी मात्र शेडच्या मागच्या दारानं बाहेर पडून उभी राहिले. आई बोलली त्याची लाज वाटत होती, तिला बोलावं लागलं याची त्याहून जास्त.

आर्किटेक्ट तिथंच आले.

"मी चित्रांचा विचार केला, बाई. तुमचा करायचा राहिला. म्हणाल तर उद्या कापडं लावतो."

"लावा," मी म्हणाले.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी शेडकडं गेले, तर आर्किटेक्ट शिडीवर आणि खाली ओट्यांवर बायका बसलेल्या. आईबरोबर खुरपायला जाणाऱ्या सगळ्या, डबे मांडीवर, पायांना माती. एकीनं तुरीचं चित्र जवळ ओढलं.

"आगं, हे बांधावरचं. आपुन बसतो तिथलं."

दुसरीनं ते फिरवलं. "आन् ह्यो बी आलाय बसायला! काम न्हाई धंदा न्हाई!"

त्या इतक्या हसल्या की डबा कलंडला. एकजण उठून चित्राच्या मागं गेली आणि पुढाऱ्याच्या उलट्या तोंडाशेजारून डोकं काढून म्हणाली, "मला बी मत द्या."

आर्किटेक्टनी शिडीवरून माझ्याकडं बघितलं. हातात पांढरं कापड होतं. मी मान हलवली, नको म्हणून. तो काही धीटपणा नव्हता. त्या बायकांसमोर कापड लावायला सांगणं मला जमलं नाही, इतकंच.

शाळेत बरेच दिवस शिक्षकांच्या खोलीत मी गेले की बोलणं थांबायचं. फळ्यावर कुणीतरी 'फ्लेक्स मॅडम' लिहिलं होतं. मी ते पुसलं आणि रंगचक्र शिकवलं. ती लाज अजून पुरती गेलेली नाही. कुणी चित्र बघायला आलं की माझा हात आपोआप मागच्या बाजूकडं जातो.

पण काम बदललं. आता मी फ्लेक्सवर जुनं तोंड कुठं येतंय ते आधी बघते, आणि पुढच्या बाजूला काय काढायचं ते त्यावरून ठरवते. आर्किटेक्टनी पुणतांब्याला नदीजवळ नवं दालन करायला घेतलंय. त्यांचा फोन आला तेव्हा मी म्हणाले, "चित्रं देईन, सर. पण नकाशा आधी मला दाखवायचा. आणि आईलाही."

"आईंना कशाला?"

"डोकी कुठं आपटतात ते तिला कळतं."

ते मनापासून हसले. मग गंभीर होऊन म्हणाले, रविवारी येतो, भाकरी खाऊन जाईन. फोन ठेवल्यावर मी घराकडं एकदा बघितलं आणि कॉटवरची चादर बदलायला उठले.