सुतकातलं वावर

"अजी वकीलसाहेब, वावर पडीत नवतं. सुतकात होतं."

"पुष्पाबाई, सुतक तेराव्याले संपते."

"मानसाचं संपते. वावराचं वरीसभर चालते आमच्यात. धुऱ्यावर आमच्या मानसाचं सरण रचलं, अन् मंग त्याच वावरात वखर घालू काय? त्याची राख उलथीपालथी करू?"

भागवत वकिलानं चष्मा कपाळावर सरकवला. "साहेब हासतीन, बाई."

"हासू द्या. त्याह्यचे दात हायेत, आपलं काय जाते?"

कालव्याच्या कचेरीच्या आवारातल्या लिंबाखाली हे बोलणं चाललं होतं. मामला सरळ होता, अन् सरळ होता म्हणूनच वाईट होता. वडनेर भोलजीच्या अलीकडे मोठ्या सडकेला लागून पुष्पाबाईच्या नवऱ्याचं, उकंडरावाचं, अन् धाकट्या दिराचं, गुलाबरावाचं वावर. वाटे दोन, पण कागदावर गट एकच. कालव्याचं ओलित असल्यामुळं त्यात प्लॉट पाडायला मनाई होती. उकंडराव गेल्यावर गुलाबरावानं अर्ज टाकला : हा गट पडीत आहे, ओलितातून काढा. गट पडीत ठरला की त्याचे प्लॉट मोकळे, अन् पुष्पाबाईचं पाणी बंद. मग वांगी-मिरची तर सोडाच, त्या मुरमाड रानात तूर उभी राहायची मारामार.

पुष्पाबाई धाड गावची लेक. लग्न होऊन आली तेव्हा इथं नुसते धोंडे होते. ते तिनं टोपल्यानं वाहिले, त्याचाच वावराच्या कडेचा बांध, धुरा, झाला. बोलायला फटकळ. गावात कोणी तिच्या तोंडी लागत नसे. पण सासरची रीत तिनं कधी मोडली नाही. घरचा कर्ता ज्या वावरात जळाला, त्या वावराला वर्षश्राद्ध होईतो नांगर लावायचा नाही, ही ती रीत. चैतात उकंडराव गेला. पेरणीच्या तोंडावर गुलाबरावच येऊन म्हणाला होता, "वयनी, औत घालू नका. भाऊ हाये तिथं." त्याचे डोळे भरून आले होते. तिनं पाहिले होते. त्यानं स्वतःचा वाटाही पेरला नाही. अन् दिवाळीनंतर साहेबलोक पाहणीला आले, तेव्हा सगळ्या गटात गुडघाभर गवत.

ते डोळे खरे होते की तेव्हापासूनच डाव होता? याचं उत्तर तिला काही केल्या मिळत नव्हतं.

पुकारा झाला. साहेब तरणे होते, हसले नाहीत. सगळं ऐकून त्यांनी गुलाबरावाकडं पाहिलं. "तुमच्या घराण्यात असा रिवाज आहे का?"

गुलाबराव पंख्याकडं पाहत राहिला. मग म्हणाला, "नाही साहेब. बायाबापड्याइचं काहीबाही."

"बाई, पाहणीच्या दिवशी शेतात पीक नव्हतं, हे खरं ना?"

वकिलानं तिचा पदर ओढला. पण ती बोलून गेली होती, "खरं हाये."

निकाल तिथंच सांगितला. गट पडीत. चालू पाळीचं पाणी तेवढं मिळेल, पुढचं नाही. वर अपील करू, असं वकील म्हणाला. ती म्हणाली, "करा."

एसटी निघून गेली होती. गुलाबरावानं जीप थांबवली. "बसा वयनी."

ती मागं बसली. पायी गेली असती तर पाण्याची पाळी चुकली असती.

"तुमच्याही वाट्याले चांगला भाव येईन," तो म्हणाला.

"गुलाबराव, तुमचा बाप मेला, तवा हेच वावर वरीसभर काऊन पडलं होतं?"

त्यानं समोरच्या ट्रकला उगाच हॉर्न दिला.

"तवा तुमी लहान होते. 'आबा झोपले हायेत, पाय देऊ नको,' म्हनून तुमीच मले धुऱ्यावरून मांगं ओढत होते."

वावराजवळ गाडी थांबली. ती उतरली. तो पुढं पाहत बसला, खाली उतरला नाही. जीप गेली.

पाणी आलं होतं. पुष्पाबाईनं लुगडं वर खोचलं, खोपटातलं फावडं काढलं. वर्षश्राद्धानंतर लावलेल्या वांग्यात पाटाचा दांड फुटून पाणी वाया चाललं होतं. "रांडेचं, इथंच फुटते दर येळी," असं पुटपुटत तिनं चिखल ओढला, टाचेनं दाबला अन् पुढच्या सरीचं तोंड मोकळं केलं.